पहिल्याच तारखेला मस्टर मागवा

प्रति,
नागपुरातल्या लहान कारखान्यांचे, गोदामांचे आणि दुकानांचे कामगार-वाद ऐकणारे मा. न्यायाधीश, तडजोड अधिकारी, तसेच दोन्ही बाजूंनी उभे राहणारे वकील आणि युनियनचे प्रतिनिधी यांस,

सविनय नमस्कार.

हिंगणा एमआयडीसीतली बारा माणसांची फॅब्रिकेशनची शेड, वाडीचे ट्रान्स्पोर्टचे गोदाम, कळमन्याच्या बाजूची डाळ मिल, इतवारीतले होलसेलचे दुकान, बुटीबोरीत मोठ्या कंपनीला सुटे भाग करून देणारे वर्कशॉप. हे पत्र अशा ठिकाणच्या वादांपुरते आहे. इथला वाद बहुतेक वेळा दोन वाक्यांचा असतो. कामगार म्हणतो, "मालकाने गेटवर सांगितलं, उद्यापासून येऊ नको बे." मालक म्हणतो, "मी कशाला काढतो, तोच यायचा बंद झाला." या दोन वाक्यांतले खरे कोणते, एवढे ठरायला पाच-सहा वर्षे गेली तरी आता कोणाला नवल वाटत नाही. तोवर शेड दुसऱ्याच्या नावावर गेलेली असते आणि कामगार सेंटरिंगच्या कामावर लागलेला असतो.

आमचे म्हणणे एवढेच आहे की या वादांचे खरे काम पहिल्या दोन तारखांत होऊ शकते. चार कागद, त्यांत पहिले मस्टर म्हणजे हजेरीबुक, आणि दोन प्रश्न पुरतात. ते कागद आपण चौथ्या वर्षी, उलटतपास सुरू झाल्यावर मागवतो.

कायद्याने मुदती घातलेल्या आहेतच. औद्योगिक विवाद अधिनियमात एकट्या कामगाराच्या वादासाठी तीन महिने, महाराष्ट्राच्या १९७१ च्या अनुचित कामगार प्रथा कायद्यात तक्रारीसाठी शक्यतो सहा महिने. २१ नोव्हेंबर २०२५ पासून औद्योगिक संबंध संहिता लागू झाली. तिच्यात एक न्यायिक आणि एक प्रशासकीय अशा दोन सदस्यांचे न्यायाधिकरण आहे आणि वाद तडजोड अधिकाऱ्याकडे नेण्याची मुदत दोन वर्षांवर आली आहे. पण कपाटातल्या फायली जुन्या कायद्याच्या आहेत, त्या तशाच चालायच्या आहेत. फाइल जुन्या कायद्याची असो की नव्या, मस्टर ते मस्टरच.

आधी पैशाचे बोलू, कारण तो गुणाकार कोणी मांडून दाखवत नाही. पगार महिना १२,०००, नोकरी आठ वर्षे पूर्ण. काम कमी झाले म्हणून मालकाला या माणसाला कमी करायचेच होते, तर त्या दिवशी काय लागले असते? एक महिन्याची नोटीस किंवा तिच्याऐवजी १२,००० रुपये. वर दर पूर्ण वर्षाला पंधरा दिवसांचा सरासरी पगार. महिन्याच्या पगारावर असलेल्या माणसासाठी हा अर्धा महिना धरायचा, म्हणजे ६,००० गुणिले ८, ४८,०००. एकूण ६०,०००. ग्रॅच्युइटी निराळी, आणि तिचे गणितही निराळे. तिथे पगाराला २६ ने भागून १५ ने गुणतात, ते होतात वर्षाला ६,९२३, आठ वर्षांचे साधारण ५५,३८५. (छाटणीच्या भरपाईलाही २६ ने भागणारे तक्ते दोन्ही बाजूंकडून येतात. त्यावर एक तारीख उगाच जाते.) सारे मिळून १,१५,३८५ रुपये. हेच प्रकरण सहा वर्षे चालून पूर्ण मागील पगारासह (म्हणजे काढल्यापासूनच्या पगारासह) कामावर घेण्याचा निवाडा झाला, तर ७२ महिन्यांचे नुसत्या जुन्या पगाराने ८,६४,००० होतात. बारा माणसांच्या शेडमधली जुनी लेथ आणि दोन वेल्डिंग मशिनी विकूनही एवढे यायचे नाहीत. म्हणजे मालक बुडतो, आणि कामगाराच्या हातात येतो तो कागद.

म्हणून पहिली मागणी. दर तारखेच्या रोजनाम्यात (कोर्टाच्या त्या दिवसाच्या नोंदीत) एक ओळ लिहावी, "आजपर्यंतचा मागील पगार, दावा मान्य झाल्यास, इतके रुपये." रिक्षाच्या मीटरसारखी. हा निष्कर्ष होत नाही, नुसता गुणाकार आहे. पण मालकाने 'से' (आपले म्हणणे) द्यायला तिसऱ्यांदा तारीख मागितली की आकडा छत्तीस हजारांनी वाढलेला त्याला स्वतःच्या डोळ्यांनी दिसेल. ही ओळ पाहून तडजोडीला बसतील असे मालक आम्हाला माहीत आहेत. त्यांना हा आकडा त्यांच्या वकिलाने कधी सांगितलेलाच नसतो.

आता 'काढले की सोडून गेला' हा प्रश्न. मालकाच्या कैफियतीत (लेखी उत्तरात) एक ठरलेले वाक्य असते, "अर्जदार आजही हजर झाल्यास त्यास कामावर घेण्यास गैरअर्जदार तयार आहे." बहुतेक वेळा हे वाक्य मागच्या प्रकरणातून जसेच्या तसे उचललेले असते. पण ते लिहिले आहे ना? मग त्याच तारखेला दोघांना समोर उभे करून विचारावे. उद्या सकाळी किती वाजता, कोणत्या गेटवर, कोणत्या मशीनवर, किती पगारावर? उत्तर रोजनाम्यात घ्यावे आणि दोघांच्या हक्कांना बाध न येता कामगाराला हजर व्हायला सांगावे. हजर होण्याचे पत्र दोन प्रतींत, एकीवर मालकाचा शिक्का आणि वेळ.

इथे नेमके काय बिघडते तेही सांगतो. कामगार सकाळी आठला जातो, वॉचमन म्हणतो, "शेठ आले नाहीत, थांबा." अकरापर्यंत थांबून तो परत येतो. पुढच्या तारखेला मालक म्हणतो की हा आलाच नाही. पुन्हा तोच सामना, आता नव्या दिवसाबद्दल. किंवा त्याला आत घेतात आणि वेल्डरला भंगार वेचायला बसवतात, तिसऱ्या दिवशी तो आपणहून जातो. यावर उपाय स्वस्त आहे. त्या एका सकाळी न्यायालयाचा बेलिफ किंवा सरकारी कामगार अधिकारी सोबत द्यावा. अर्ध्या पानाचा पंचनामा पुरे. किती वाजता पोचलो, गेटवर कोण होते, हजेरी कुठे लावली, काम कोणते दिले. दोन वर्षांची साक्ष त्या अर्ध्या पानात येते. आणि एक गोष्ट कामगाराच्या बाजूने उभे राहणाऱ्यांनीही मान्य करावी. कधी कधी कामगाराला परत जायचेच नसते, त्याला हिशेब हवा असतो. तेही पहिल्याच आठवड्यात कळते, आणि मग प्रकरण हिशेबाचेच चालवता येते.

मालकांसाठी दोन शब्द. माणूस खरेच यायचा बंद झाला असेल तर गप्प बसू नका. तो काम सोडून गेला असे आपोआप धरता येत नाही. त्याच्या घरच्या पत्त्यावर स्पीड पोस्टाने कामावर हजर व्हा असे पत्र, ते परत आले तर न उघडता पाकीट तसेच ठेवा, मग दुसरे पत्र, आणि त्यानंतर छोटी का होईना चौकशी. पोस्टाच्या दोन पावत्या त्या आठ लाखांपुढे काहीच नाहीत. "माझ्याकडे आठच माणसं, मला लेबर लॉ लागत नाही" हे वाक्य तर आता सोडाच. पीएफला वीस, ईएसआयला दहा अशा संख्येच्या अटी आहेत. नोटीस देऊन आणि भरपाई देऊन छाटणी करण्याच्या अटीला जुन्या कायद्यात माणसांची किमान संख्या नव्हतीच. शिवाय ती रक्कम काढतानाच द्यायची असते. पत्र सोमवारी आणि चेक पुढच्या शुक्रवारी, असे केले की छाटणी बेकायदा ठरते, रक्कम पूर्ण असली तरी.

मस्टर. याच्यावर थोडे थांबतो, कारण निम्मे खटले इथे जिंकले-हरले जातात आणि ते कसे पाहावे हे कोणी शिकवत नाही.

नोटीस आणि भरपाईचा हक्क सांगायला कामगाराचे एका वर्षात २४० दिवस काम झालेले लागते, आणि ते दाखवण्याचा भार त्याच्यावर आहे. सर्वोच्च न्यायालयाने हदिमनी प्रकरणात २००२ मध्ये हे सांगितले. पण येल्लट्टी प्रकरणात, २००६ च्या अहवालांत आहे, याची दुसरी बाजूही आली: रोजंदारीच्या माणसाकडे नेमणूकपत्र नसते, पगारपत्रक नसते, त्याने शपथेवर साक्ष दिली आणि मालकाकडचे मस्टर मागितले, तर ते न देणाऱ्या मालकाविरुद्ध परिस्थिती पाहून अनुमान काढता येते. प्रत्यक्षात काय होते? मस्टर मागणारा अर्ज कामगाराचा वकील तीन-चार वर्षांनी देतो. तोवर मस्टर 'तयार' झालेले असते.

तयार केलेले मस्टर ओळखता येते. पाने चाळू नका, एक महिना उघडा आणि उजेडात धरा. महिनाभर रोज लावलेल्या हजेरीत शाई बदलते, पेन बदलते, कधी कोणाच्या बोटाचे ग्रीस लागते, एखाद्या चौकोनात आधी 'ए' (गैरहजर) होऊन त्यावर 'पी' (हजर) केलेले असते. एका बैठकीत लिहिलेल्या पानावर ३१ रकान्यांतले 'पी' एकाच तिरकेपणाने एकाच दाबाने येतात आणि मागच्या पानावर त्यांचा ठसा सरळ रेषेत उमटतो. नावे रुजू झाल्याच्या क्रमाने आहेत की अ-आ-इ-ईच्या? दहा वर्षांत एकेक करून आलेली माणसे बाराखडीच्या क्रमाने येत नाहीत. वसाहतीची साप्ताहिक सुट्टी ज्या वारी असते त्या वारी हजेरी लागलेली आहे का? फेब्रुवारीला किती रकाने भरले? आणि शेवटी पुठ्ठा पाहा. छापील रजिस्टरच्या मागे किंवा आतल्या कोपऱ्यात छापणाऱ्याचा जीएसटी क्रमांक असतो. जीएसटी आला १ जुलै २०१७ ला. २०१५ ची हजेरी जीएसटी क्रमांक छापलेल्या रजिस्टरमध्ये असेल तर पुढचा उलटतपास लांबवायची गरज उरत नाही.

हे दुसऱ्या बाजूनेही खरे आहे. पगाराच्या व्हाउचरवरची सही आपली नाही असे सरसकट म्हणणारा कामगार बँकेच्या पासबुकात त्याच तारखेला तीच रक्कम जमा दाखवतो. म्हणून आमची दुसरी मागणी. नोटीस काढतानाच चार गोष्टी आणायला सांगाव्यात: मूळ मस्टर, पगाराचे रजिस्टर किंवा व्हाउचर, पीएफ-ईएसआयची चलने, आणि ज्या खात्यातून पगार गेला त्या खात्याचा उतारा. कागद हजर करायला लावण्याचे अधिकार कामगार न्यायालयाला दिवाणी न्यायालयासारखेच आहेत. कामगारानेही आपला पीएफचा पासबुक, बँकेचा उतारा आणि मोबाइल आणावा. हल्ली पगार मालकाच्या बायकोच्या खात्यातून फोनपेवर येतो आणि "उद्या रविवार चालू आहे, सगळ्यांनी आठला या" हा निरोप व्हॉट्सअॅपच्या ग्रुपवर असतो. हा निरोप नेमणूकपत्राची उणीव बरीच भरून काढतो. अंगठा लावायच्या मशीनची नोंद असेल तर एक्सेलचे छापील कागद घेऊ नयेत, ते कोणीही बदलू शकतो. मशीनमधून पेन ड्राइव्हवर निघणारी मूळ फाइल घ्यावी, सोबत भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ चे प्रमाणपत्र. त्या प्रमाणपत्राशिवाय आलेली फाइल पुढे वरच्या कोर्टात लटकते.

२४० मोजताना एक चूक इतकी नेहमीची आहे की सांगायलाच हवी. नुसते हजेरीचे दिवस मोजून १९६ आले की कामगाराचा दावा पडला असे धरतात. पण ज्या साप्ताहिक सुट्ट्या आणि सणांच्या सुट्ट्यांचा पगार मिळाला, त्या कामाच्या दिवसांतच धरायच्या असतात, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८५ मध्ये अमेरिकन एक्स्प्रेसच्या प्रकरणात सांगितले आहे. १९६ मध्ये पगारी ४४ मिळवले की २४० होतात. म्हणून पगाराचे रजिस्टर मस्टरसोबतच लागते. सुट्टीचा पगार दिला की नाही हे मस्टरवरून कळत नाही.

गैरअर्जदाराचे नाव हा छोटा वाटणारा मुद्दा निवाड्यानंतर डोके वर काढतो. दावा 'मेसर्स अमुक इंडस्ट्रीज, प्लॉट नंबर तमुक' अशा नावाने होतो. फर्म एकट्या माणसाची की भागीदारीची, कोण मालक, घर कुठे, काही नाही. निवाडा येईपर्यंत त्याच शेडमध्ये त्याच मशिनींवर भावजयीच्या नावाने दुसरी फर्म चालू असते आणि पाटी नवी असते. दावा दाखल करून घेतानाच कार्यालयाने जीएसटी नोंदणी किंवा उद्यमचा (लघुउद्योग नोंदणीचा) क्रमांक, गुमास्ता (दुकान-आस्थापनेची नोंदणी), मालकाचे किंवा भागीदारांचे नाव आणि राहता पत्ता यांच्याविना क्रमांक देऊ नये. जीएसटीचा क्रमांक बिलावर छापलेला असतो, कोणत्याही मोबाइलवर त्यावरून कायदेशीर नाव निघते. दोन मिनिटांचे काम आहे.

कोणत्या दारात जायचे, याची चूक तर भरून निघत नाही. अनुचित प्रथेची तक्रार नव्वद दिवसांत. जुन्या कायद्याखालचा सरळ अर्ज तडजोड अधिकाऱ्याकडे जाऊन पंचेचाळीस दिवस झाल्यावर, काढल्यापासून तीन वर्षांच्या आत. ठेकेदाराच्या नावावर असलेला कामगार मूळ कंपनीविरुद्ध तक्रार घेऊन गेला आणि कंपनीने "हा आमचा माणूसच नाही" म्हटले, की सिप्ला प्रकरणाचा २००१ चा निकाल दाखवून तक्रार परत जाते. तोवर वर्षे गेलेली. दोन्ही दारे एकदम ठोठावता येत नाहीत, १९७१ च्या कायद्याचे कलम ५९ आडवे येते. ठेकेदाराचे नाव पगारपत्रकावर दिसले की पहिल्याच तारखेला पीठासीन अधिकाऱ्यांनी एक प्रश्न विचारला, "नाते नाकारता की मान्य करता, आजच सांगा", तर ही वर्षे वाचतात. तसेच ओव्हरटाइमच्या हक्कावरच वाद असताना औद्योगिक विवाद अधिनियमाच्या कलम ३३-सी(२) खाली नुसता हिशेब मागणारे अर्ज. तिथे ठरलेल्या हक्काचीच रक्कम काढता येते. हे अर्ज दाखल करणाऱ्यांनी हे जाणूनच दाखल करावेत.

शपथपत्रांबद्दल आम्हाला थोडी चीडच आहे. सातवी शिकलेल्या माणसाचे मुख्य तपासणीचे शपथपत्र इंग्रजीत सोळा पानी. उलटतपासाचा पहिलाच प्रश्न, "यात काय लिहिलंय ते वाचता येतं का?" "नाही." झाले. बालाघाट-छिंदवाड्याकडून आलेल्या कामगाराला तर मराठीही लिहायला जड जाते. त्याचे हिंदीत घ्या, वाचून दाखवा, आणि वाचून दाखवल्याची ओळ खाली घाला. चार पानांच्या वर तर शपथपत्र जाऊच नये. बारा माणसांच्या शेडमधल्या आठ वर्षांच्या नोकरीत सोळा पानांचे काय असते?

त्याच शपथपत्रात एक वाक्य असते जे खोटे आहे हे कोर्टात बसलेल्या प्रत्येकाला माहीत असते: "काढल्यापासून आजतागायत मी पूर्णपणे बेकार आहे." सहा वर्षे बेकार राहून कोणाचे घर चालते? माणूस ई-रिक्षा चालवतो, भाजी विकतो, लग्नसराईत मंडपाच्या कामावर जातो. मग मालकाचा माणूस त्याच्या रिक्षाचा फोटो काढून आणतो आणि उलटतपासात दाखवतो. दीपाली गुंडू सुरवसे प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये, महाराष्ट्रातल्याच एका शिक्षिकेच्या प्रकरणात, सांगितले ते एवढे की कामगाराने आपण लाभाच्या नोकरीत नाही हे म्हणावे, मग तो तशा नोकरीत होता आणि तेवढेच कमावत होता हे मालकाने दाखवावे. पोटासाठी केलेली रोजमजुरी आणि तोलामोलाची नोकरी यांत फरक आहे. पण प्रत्यक्षात "मी वर्षातून शंभर-सव्वाशे दिवस सेंटरिंगला जात होतो, रोज पाचशे मिळायचे" असे खरे सांगणाऱ्याचा मागील पगार कापला जातो आणि खोटे रेटून नेणाऱ्याला पूर्ण मिळतो. आमची तिसरी मागणी अशी की शपथपत्रासोबत वर्षवार मिळकतीचा एक साधा तक्ता घ्यावा, आणि खरे लिहिणाऱ्याची तेवढीच रक्कम वजा करावी, पन्नास टक्क्यांची कुऱ्हाड चालवू नये. सव्वाशे दिवसांचे पाचशेप्रमाणे ६२,५०० होतात. वर्षाचा पगार १,४४,०००. उरलेले ८१,५०० त्याचे. यात अंदाज लावायचे काही राहतच नाही.

खातेनिहाय चौकशीवर, म्हणजे कामगारावरच्या आरोपाची मालकाने स्वतः केलेल्या चौकशीवर, थोडक्यात. लहान मालक चौकशी करतो ती भाड्याच्या चौकशी अधिकाऱ्याकडून, आणि ती चुकतेच: साक्षीदारांची नावे आधी देत नाहीत, कामगाराला सोबतचा माणूस घेऊ देत नाहीत, प्रश्नोत्तरे एका भाषेत आणि टाइप दुसऱ्या. चौकशी योग्य होती का, हा मुद्दा आधी ठरवावा लागतो. तो अवैध ठरला तर मालकाला कोर्टात पुरावा देण्याची संधी असते, पण ती कैफियतीतच मागून ठेवायची असते. लक्ष्मीदेवम्मा प्रकरणात घटनापीठाने २००१ मध्ये त्याचा निकाल दिला आहे. ते एक वाक्य कैफियतीत नसल्यामुळे चोरीचा खरा आरोपही सिद्ध करायची वाट बंद होते. वकीलबांधवांनो, ते वाक्य घाला. बाकीचे मुद्दे मात्र तुकड्यातुकड्यांनी न चालवता एकदमच चालवा.

तडजोड झाली की सगळे सुस्कारा टाकतात, आणि पुरसिस (कोर्टाला द्यायचे लेखी निवेदन) तीन ओळींची लिहितात, "उभयतांत आपसात समझोता झाला, प्रकरण निकाली काढावे." सहा महिन्यांनी तोच माणूस पुन्हा व्हरांड्यात. चेक परत आला. किंवा ग्रॅच्युइटी यात आली की नाही यावर भांडण. किंवा पीएफ निघत नाही, कारण मालकाने पोर्टलवर नोकरी सोडल्याची तारीखच टाकली नाही. पुरसिशीत किमान एवढे असावे: रक्कम आणि तिची फोड, म्हणजे मागील पगार किती, भरपाई किती, ग्रॅच्युइटी किती; पैसे बँकेतून गेले असल्यास व्यवहाराचा यूटीआर क्रमांक; हप्ते असतील तर तारखा आणि एक हप्ता चुकला तर काय; पीएफच्या पोर्टलवर सोडल्याची तारीख किती दिवसांत टाकणार; अनुभवाचा दाखला. चेक वटेपर्यंत प्रकरण बंद करू नये, पंधरा दिवसांची तारीख ठेवावी. (शेवटच्या वर्गणीला दोन महिने झाले की सोडल्याची तारीख कामगारालाही स्वतः टाकता येते. हे त्याला सांगणारे कोणी नसते, आधारला जोडलेला मोबाइल मात्र चालू लागतो.)

वसुली. निवाडा झाला, प्रसिद्ध झाला, तीस दिवसांनी अमलात आला. मग कामगार कार्यालयात अर्ज, वसुली दाखला, जिल्हाधिकारी, तहसीलदार, तलाठी. तलाठी प्लॉटवर जातो आणि लिहितो, "गैरअर्जदाराचे नावे जंगम-स्थावर मालमत्ता आढळून आली नाही." आढळणार कशी? एमआयडीसीचा प्लॉट ९५ वर्षांच्या भाडेपट्ट्याचा, जमीन महामंडळाची. शेडवर आणि मशिनींवर बँकेचा बोजा. दाखल्यात मालकाचा पॅन नाही, बँक खाते नाही, घरचा पत्ता नाही. तलाठ्याला दोष देऊन काय होणार? पहिल्या तारखेला खात्याचा उतारा घेतला असता तर खाते क्रमांक फाइलमध्ये असता आणि वसुली खात्यावर गेली असती. प्लॉट दुसऱ्याला द्यायचा तर महामंडळाची परवानगी लागतेच. दावा दाखल होताच एक पत्र महामंडळाच्या विभागीय कार्यालयाला गेले, की हस्तांतराआधी कामगार-देण्याचा प्रश्न निदान विचारला जाईल. निवाड्याच्या शेवटच्या पानावरच हे सारे तक्त्यात छापावे: रक्कम, नाव, पॅन, खाते, पत्ते.

मोठ्या गिरणीत टाइम ऑफिस होते, टाइम-कीपर होता, लेबर ऑफिसर होता. १८७७ सालच्या एम्प्रेस मिलच्या या शहराला ते सांगायला नको. आपली कार्यपद्धती अजून त्या खात्यांना गृहीत धरून चालते. शेडमध्ये मालकाचा साळा आणि त्याची डायरी एवढेच खाते असते. नोटीस आली की त्याला वाटते लेबर ऑफिसचे पत्र आले, एक-दोनदा न गेले तर चालते. मग एकतर्फी निवाडा, मग तो रद्द करायचा अर्ज, तोही तीस दिवस उलटल्यावर. म्हणून नोटिशीला एक चिठ्ठी जोडावी. मजकूर असा चालेल:

"तुमच्या कामगाराने तुमच्याविरुद्ध दावा केला आहे. तुम्ही आला नाहीत तर तुमचे न ऐकता निकाल लागेल आणि दर महिन्याचा पगार चढत राहील. या तारखेला स्वतः या. सोबत मूळ हजेरीबुक, पगाराचे रजिस्टर, पीएफ-ईएसआयची चलने, बँकेचा एक वर्षाचा उतारा आणा. त्याला कामावर परत घ्यायला तयार आहात का, असल्यास कोणत्या दिवसापासून, आणि हिशेब द्यायचा असल्यास किती, हे ठरवून या. तुम्हाला सकाळी ११ ची / दुपारी २.३० ची वेळ दिली आहे."

शेवटची ओळ मुद्दाम घातली आहे. बुटीबोरीहून यायला तीस किलोमीटर, आणि बोर्डावरच्या सगळ्यांना अकराची वेळ. चारला पुकारा होतो आणि तारीख मिळते. रोजीवरचा माणूस दर तारखेला पाचशे रुपये गमावतो, पन्नास तारखांचे २५,००० होतात. मालकाचीही शेड त्या दिवशी मेव्हण्याच्या भरवशावर. सकाळ-दुपार असे दोन भाग केले तरी अर्धी रोजी वाचते.

या साऱ्याला कायदा बदलावा लागत नाही, नवी नेमणूक लागत नाही. येत्या महिन्यात ज्या प्रकरणांना पहिली तारीख लागणार आहे, त्यांतली वीसपेक्षा कमी कामगार असलेल्या उद्योगांची दहा निवडा आणि ही चिठ्ठी जोडून नोटिसा काढा. चिठ्ठीची मराठी आणि हिंदी प्रत, मागील पगाराच्या ओळीचा नमुना, मिळकतीचा तक्ता आणि पुरसिशीचा मसुदा आम्ही तयार ठेवले आहेत. मागाल त्या दिवशी आणून देऊ. या दहांपैकी ज्या प्रकरणात मस्टर येणार नाही, त्यात त्याच दिवशी रोजनाम्यात तेवढे लिहावे.

आपले,
नागपुरात कामगार-वाद दोन्ही बाजूंनी चालवणारे काही वकील, युनियनचे प्रतिनिधी आणि लहान कारखान्यांचे हजेरी-पगार लिहिणारे